‘लागणे’ आणि ‘लावणे’ : मराठीतील चेटकिणीविषयी

इंग्रजीतील ‘विच’ या शब्दाला मराठी प्रतिशब्द कोणता, असे पदव्युत्तर वर्गात विचारले असता ‘चेटकीण’ हे उत्तर तत्काळ मिळते. अडचण उद्भवते ती त्यानंतर. आजच्या ऊबदार अद्भुतकादंबरीतील नायिका चहा करते, बागेतील झाडपाल्याशी बोलते आणि स्वतःस मोठ्या आनंदाने ‘विच’ म्हणवून घेते. तिच्या तोंडी ‘मी चेटकीण आहे’ हे वाक्य घालून पाहावे. व्याकरणदृष्ट्या ते निर्दोष आहे, तरीही मराठी कानाला ते कबुलीजबाबासारखे लागते. भयपटाच्या जाहिरातीत हाच शब्द घालावा तर तो पोरकट वाटतो. तेथे ‘हडळ’ पाहिजे, ‘डायन’ पाहिजे. आणि घरच्या घरी मेणबत्त्या, स्फटिक व पौर्णिमेची टिपणे यांच्या साहाय्याने काही साधना करणारी जी तरुण मंडळी अलीकडे दिसतात, ती मराठीत बोलतानाही ‘विच’ हा इंग्रजी शब्दच वापरतात. ऐरोलीसारख्या ठिकाणी, जेथे दिवा-कोळीवाड्याच्या जुन्या वस्तीला लागूनच सेक्टरांच्या इमारती उभ्या आहेत, चेटकिणीचे हे निरनिराळे अवतार एका रिक्षाच्या अंतरात भेटतात. एका इंग्रजी शब्दाचे काम मराठीत एका शब्दाने का भागत नाही, हा प्रस्तुत लेखाचा विषय होय. माझ्या मते त्याचे कारण नामांत जितके आहे त्याहून अधिक क्रियापदांत आहे. परंतु आरंभ नामांपासूनच करणे सोयीचे.

आपल्याकडील शब्दसंपत्ती या बाबतीत विपुल आहे. हडळ, जखीण अथवा जाखीण, लावसट, अळवंतीण, डाकीण, चेटकीण, भुताळी, आणि रात्री दारावर येऊन नावाने साद घालणारी हाकामारी. वरवर पाहता ही सर्व नावे एकाच वर्गातील दिसतात. पण ती दोन निरनिराळ्या वर्गांतील आहेत, आणि हा भेद मृत व जिवंत असा आहे. ए. एम. टी. जॅक्सन यांनी शाळामास्तरांकडून प्रश्नावलीद्वारे जमविलेल्या साहित्यावरून आर. ई. एन्थोवेन यांनी १९१५ साली कोकणच्या लोकसमजुतींचा जो संग्रह प्रसिद्ध केला, त्यात ही वर्गवारी स्पष्ट आढळते. (हे जॅक्सन म्हणजे १९०९ मध्ये नाशिक येथे अनंत कान्हेरे यांच्या गोळीस बळी पडलेले कलेक्टर. राजकीय इतिहासात त्यांचे नाव एका कारणाने आले, लोकसाहित्यात दुसऱ्या.) सवाष्ण मेलेली ती जखीण, विधवा मेलेली ती लावसट, बाळंतपणात वा विटाळात गेलेली ती हडळ अथवा अळवंतीण. हडळ पुढून भरलेली आणि पाठीमागून नुसता हाडांचा सापळा, हे तिचे वर्णनही तेथे आहे. स्त्री कोणत्या अवस्थेत मेली यावरून तिच्या भुताचे नाव ठरते. म्हणजे भुतांची ही वर्गवारी वास्तविक विवाहसंस्थेचीच वर्गवारी होय. ही सर्व नावे मेलेल्या स्त्रियांची आहेत. त्यांच्यापासून पीडा होत असली तरी त्यांना कोणी झाडाला बांधू शकत नाही, गावाबाहेर घालवू शकत नाही.

दुसऱ्या वर्गातील शब्द थोडे आहेत, परंतु ते जिवंत बाईला लावले जातात : चेटकीण, डाकीण, भुताळी. पालघर जिल्ह्यातील आदिवासी पाड्यांत ‘भुताळी’, सातपुड्याच्या पायथ्याशी नंदुरबार-धुळे भागांत ‘डाकीण’. हे शब्द ज्या स्त्रीला चिकटतात तिला घर असते, शेजार असतो, पुष्कळदा चार बिघे जमीनही असते आणि त्या जमिनीवर कोणा भाऊबंदाचा डोळा असतो.

ध्वनिपरिवर्तनाच्या दृष्टीने या दोन वर्गांत एक कुतूहलजनक फरक दिसतो. ‘यक्षिणी’पासून प्राकृतात ‘जक्खिणी’ आणि त्यापासून ‘जाखीण’, ‘जखीण’ ही वाटचाल मराठीच्या अभ्यासकास अगदी अपेक्षित आहे. आद्य ‘य’चा ‘ज’ झाला, ‘क्ष’चा ‘क्ख’ होऊन तो पुढे ‘ख’ झाला. शब्द लोकांच्या तोंडात पिढ्यान्‌पिढ्या राहून झिजला. ‘डाकिनी’चे तसे झालेले नाही. दोन स्वरांमधील एकेरी ‘क’ प्राकृतात लोप पावतो. त्याप्रमाणे ‘डाइणी’ हे रूप झाले आणि हिंदीतील ‘डाइन’, ‘डायन’ त्यातूनच आले. मराठी ‘डाकीण’ आणि गुजराती ‘डाकण’ यांत मात्र तो ‘क’ जिवंत आहे. ‘चेटूक’ या शब्दाचीही स्थिती अशीच आहे. संस्कृत नाटकांत ‘चेट’ आणि ‘चेटी’ ही सेवक व दासी यांची ठरीव पात्रे असतात; ‘मृच्छकटिक’ वाचलेल्यास ती परिचित आहेत. या ‘चेट’चे प्राकृतात ‘चेड’ झाले. गोव्याच्या कोकणीत ‘चेडो’ म्हणजे मुलगा आणि ‘चेडूं’ म्हणजे मुलगी. मालवणीत ‘चेडू’ म्हणजे मुलगीच. उत्तर कोकणात ‘चेडा’ हे बांधावरच्या भुताचे नाव झाले. सेवक, पोर आणि राबविले जाणारे भूत हे तीनही अर्थ एकमेकांपासून फार दूर नाहीत : ज्याला हुकूम करता येतो तो चेडा. मांत्रिकाने वश करून कामास लावलेले भूत आणि त्याच्याकरवी घडवून आणलेली कृती, या अर्थाने ‘चेटूक’ शब्द याच कुळातील असावा. पण ‘चेटूक’मध्ये ‘ट’चा ‘ड’ झालेला नाही.

दोन्ही ठिकाणी जो वर्ण बदलावयास हवा होता तो बदललेला नाही. याचा एक अर्थ असा की मूळ रूपात द्वित्त असेल. दुसरा असा की हे शब्द पोथीच्या, तंत्रविद्येच्या वाटेने, जाणत्यांच्या तोंडून मराठीत आले असतील. मेलेल्या सवाष्णीचे नाव घरात झिजले, आणि जिवंत बाईवरील आरोपाचे नाव जाणत्याकडून आले, असा निष्कर्ष काढण्याचा मोह येथे होतो. तथापि दोन-तीन शब्दांवर एवढा इमला उभारणे बरे नव्हे. ‘भुताळी’ हा शब्द तर सरळ ‘भूत’ला ‘आळ’ प्रत्यय लागून झालेला देशी घाटाचा शब्द आहे आणि आरोपाच्या कामी तो तितकाच धारदार आहे.

‘-ईण’ या प्रत्ययाविषयीही येथेच थोडे लिहितो. मराठीत हा प्रत्यय कधी पत्नी दाखवितो (माळीण, सुतारीण), कधी मादी (वाघीण), आणि कधी स्त्रीने स्वतः मिळविलेली विद्या वा व्यवसाय. ‘सुईण’ या तिसऱ्या प्रकारची. आगरी-कोळी लग्नात धवले गाऊन विधी पार पाडणारी ‘धवलारीण’ हीदेखील त्याच प्रकारची. ती कोणा धवलाऱ्याची बायको नव्हे, तो मान तिचा स्वतःचा आहे. ‘चेटकीण’ व्याकरणाने धवलारिणीच्या पंक्तीला बसते, चेटक्याची बायको म्हणून कोणी तिच्याकडे पाहत नाही. भेद इतकाच की धवलारीण स्वतःची ओळख स्वतः सांगते आणि चेटकिणीची ओळख दुसरे सांगतात.

आता क्रियापदांकडे वळू.

मराठीत आजार, पीडा, व्यसन, मोह अशा कित्येक गोष्टी ‘लागणे’ या अकर्मक क्रियापदाने सांगितल्या जातात. पोराला दृष्ट लागली. बाईला भूत लागले. म्हाताऱ्याला वेड लागले. ज्याला पीडा झाली त्याला ‘ला’ प्रत्यय, आणि जे लागले ते वाक्याचा कर्ता. कोणी केले, हा प्रश्न या रचनेत उद्भवतच नाही. त्यासाठी वाक्यात जागाच नसते. झपाटलेपणासाठी ‘लागीर’ हा जो शब्द आहे तो या ‘लागणे’चाच. तो इतका निरुपद्रवी होऊ शकला की सातारच्या एका फौजीच्या प्रेमकथेवरील २०१७ ते २०१९ या काळातील दूरचित्रवाणी मालिकेचे शीर्षकच ‘लागिरं झालं जी’ असे होते, आणि त्यात कोणाला काही अमंगल वाटले नाही. याहूनही सावध बोलणारे लोक भुताचे नावसुद्धा न घेता ‘बाहेरचं झालंय’ एवढेच म्हणतात.

या ‘लागणे’ची प्रयोजक जोडी ‘लावणे’. आग लागली आणि आग लावली, या दोन वाक्यांतील फरक मराठी मुलाला शाळेत जाण्यापूर्वी कळतो. पहिल्या वाक्याने लोक बादल्या घेऊन धावतात. दुसऱ्याने काठ्या घेऊन. ‘भूत लागले’ याचे ‘भूत लावले’ झाले की वाक्यात कर्त्याची जागा उघडते. भूतकाळात मराठी सकर्मक क्रियापद तृतीयेतील कर्ता मागते : कोणी तरी‘ने’ लावले. ‘करणी’ या शब्दाचेही असेच आहे. तो ‘करणे’पासूनच आला असल्याने कर्ता त्याच्या पोटातच बसलेला असतो. देवाची करणी असेल तर नारळात पाणी. पण माणसाची करणी म्हटली की ‘कुणाची?’ हा प्रश्न टळत नाही. ही रिकामी जागा कोणत्या नावाने भरावयाची, हे भाषा सांगत नाही. ते गाव सांगते.

‘दृष्ट’ ही या दोहोंच्या मध्ये उभी आहे, म्हणून तिच्याकडे जरा थांबून पाहिले पाहिजे. ‘तिची दृष्ट लागली’ या वाक्यात एक व्यक्ती येते, पण षष्ठीने; ती दृष्टीची मालकीण आहे, कृत्याची कर्ती नव्हे. आईची दृष्टसुद्धा मुलाला लागते, असे आपल्याकडे मानतात, आणि त्याबद्दल आईला कोणी दोषी धरत नाही. दृष्ट काढतानाचे जे बोल घरोघर म्हटले जातात त्यांची रचनाही याला धरूनच आहे. त्यांत आलागेला, पापी, पशुपक्षी, रस्त्यावरचा वारा अशी वर्गांची यादी असते. विशेषनाम कधीही नसते. संशय कोणावर असला तरी त्याचे नाव उच्चारले जात नाही. मीठ-मोहऱ्या-मिरच्या ओवाळून विस्तवावर पडल्या, ठसका आला अगर आला नाही, की प्रकरण संपले. दोष सर्वांवर वाटून टाकल्यामुळे तो कोणावरच राहत नाही. मला तर हे बोल रचणाऱ्या अनाम स्त्रियांची व्याकरणाची जाण फार मोठी वाटते.

पीडा घरच्या उपायाने हटली नाही, दुसरे मूलही आजारी पडले, गाय आटली, की मग प्रकरण भगताकडे अथवा देवऋष्याकडे जाते. तो तांदूळ पाहतो, कौल लावतो. येथे प्रश्नाचे सर्वनाम बदलते. घरात ‘काय झालं?’ हा प्रश्न होता. भगतापुढे तो ‘कुणी केलं?’ असा होतो. इव्हान्स-प्रिचर्ड यांनी १९३७ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात मध्य आफ्रिकेतील आझांदे लोकांविषयी जे दाखविले आहे त्याची येथे आठवण होते. धान्याचे कोठार वाळवीने पोखरल्यामुळे कोसळले हे त्या लोकांना ठाऊक असते. त्यांना समजून घ्यावयाचे असते ते हे की नेमका हाच मनुष्य त्याखाली बसला असतानाच ते का कोसळले. मराठी मुलखातील प्रश्न निराळा नाही. फरक एवढाच की आमच्या भाषेने ‘का’ या प्रश्नाचे उत्तर ‘कुणी’ने न देण्याची सोयही करून ठेवली आहे, आणि ती सोडून दिली तरच चेटकीण जन्मास येते. ‘लागणे’पासून ‘लावणे’पर्यंतचे अंतर एका वर्णाचे आहे. त्या अंतरात सातपुड्यातील स्त्रियांना मारहाण झाली आहे, गाव सोडावे लागले आहे, काहींचे प्राण गेले आहेत. पश्चिम भारतातील भिल्ल व डांग प्रदेशांतील या हिंसेचा वसाहतकालीन इतिहास अजय स्कारिया यांनी १९९७ मध्ये ‘पास्ट अँड प्रेझेंट’ या नियतकालिकात तपासला आहे. ज्यांना या विषयात पुढे जावयाचे आहे त्यांनी तो लेख अवश्य पाहावा. महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी नंदुरबार भागात डाकीण प्रथेविरुद्ध केलेले काम तर अगदी अलीकडचे आहे.

कायद्याच्या भाषेने हा प्रश्न कसा हाताळला, हे भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याने पाहण्यासारखे आहे. बिहारने १९९९ साली जो कायदा केला त्याच्या नावातच ‘डाइन’ हा शब्द आहे. छत्तीसगडने २००५ साली ‘टोनही प्रताडना निवारण’ असे नाव दिले. म्हणजे तेथेही स्थानिक भाषेतील आरोपाचाच शब्द कायद्याच्या मथळ्यावर चढला. या छत्तीसगडी कायद्यातील व्याख्या फार सूक्ष्म आहे. टोनही म्हणजे अमुक शक्ती असलेली व्यक्ती, असे तो म्हणत नाही. जिच्याविषयी दुसरे कोणी असे दर्शवितात, ती टोनही. वस्तू नाही, केवळ नामकरण आहे, हे विधिज्ञांनी एका वाक्यात पकडले. महाराष्ट्रात डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली, त्यानंतर चार दिवसांत वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात विधिमंडळाने कायदा संमत केला. त्याचे लांबलचक नाव नरबळी, अघोरी प्रथा व जादूटोणा यांचे आहे. चेटकीण, डाकीण वा भुताळी त्यात नाही. परंतु अनुसूचीतील एक कलम आपल्या विषयाचे आहे. अमुक व्यक्ती करणी करते, भूत लावते, मंत्राने जनावराचे दूध आटविते, तिच्यामुळे रोगराई येते, असे भासवून तिचे जगणे कठीण करणे हा त्याअन्वये अपराध ठरतो. शिक्षा ६ महिन्यांपासून ७ वर्षांपर्यंत कैद आणि ५ हजार ते ५० हजार रुपये दंड. बोलणे हीच कृती आहे, हे तत्त्वचिंतक सांगतात. येथे ते शिक्षापात्र कृत्य झाले आहे. मला व्यक्तिशः महाराष्ट्राच्या कायद्याची ही रीत अधिक पसंत आहे. कायद्याने शब्द मथळ्यावर घेतला की तो निषेधासाठी का होईना, पक्का होतो. अर्थात बिहार-छत्तीसगडच्या बाजूने असेही म्हणता येईल की गावातील पोलीस पाटलाला ‘टोनही’ कळते, ‘अनिष्ट प्रथा’ कळत नाही.

आरोपाचे वाक्य ‘ती चेटकीण आहे’ असे असते. गोष्टीचे वाक्य ‘एक होती चेटकीण’ असे. दोहोंत शब्द जवळजवळ तेच आहेत, पण पहिले ओळख पटविणारे आहे आणि दुसरे अस्तित्व सांगणारे. ‘एक होती’ म्हटल्याबरोबर श्रोत्याला समजते की ही बाई आपल्या आळीतील नव्हे. मराठी बालरंगभूमीने चेटकिणीला हसण्याजोगे केले ते या आधारावर. रत्नाकर मतकरी यांच्या ‘अलबत्या गलबत्या’ या नाटकातील चिंची चेटकीण ही मराठी मुलांच्या दोन-तीन पिढ्यांची ओळखीची. मूळ प्रयोगात ती भूमिका दिलीप प्रभावळकर यांनी केली आणि २०१८ साली चिन्मय मांडलेकर यांच्या दिग्दर्शनाखाली नाटक पुन्हा रंगमंचावर आले तेव्हा वैभव मांगले यांनी. दोन्ही वेळी चेटकीण पुरुषाने साकारली, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. लुगड्यातील पुरुष पाहून मूल हसते, आणि त्या हसण्याच्या वाटेत कोणतीही खरी बाई येत नाही. मतकरींनीच मोठ्यांसाठी गूढकथाही लिहिल्या, हे सर्वज्ञात आहे. भीती कोठे ठेवावयाची आणि कोठे नाही, हे त्यांना नेमके माहीत होते.

चित्रपटाला अशी सोय नसते, कारण कॅमेऱ्यापुढे ‘एक होती’ फार वेळ टिकत नाही. पडद्यावर प्रत्यक्ष एक बाई दिसू लागते. ‘एक थी डायन’ या २०१३ सालच्या हिंदी चित्रपटाने गोष्टीचा आरंभच मथळा म्हणून घेतला, आणि मग डायन शहरातल्या घरात आणली : जिच्या वेणीत बळ आहे अशी, जी शेजारीण वा आप्त असू शकते अशी. म्हणजे गोष्टीच्या वाक्यातून आरोपाच्या वाक्यात प्रेक्षकाला नेणे, हेच त्याच्या भयाचे साधन झाले. ‘स्त्री’ (२०१८) या चित्रपटाने हाकामारीच्याच कुळातील एक समजूत घेतली. दारावर लिहून ठेवल्यास परत फिरणारी ती बाई मेलेली आहे, वर्गाने हडळ-जखिणींच्या बाजूची. म्हणून प्रेक्षक तिच्यावर दया करू शकला, हसूही शकला. मराठीत विशाल फुरिया यांच्या ‘लपाछपी’ने (२०१७) उसाच्या फडात घडणाऱ्या कथेतून स्त्रीभ्रूणहत्येचा विषय मांडला. त्यातील खरे भय मृतांपासून नसून जिवंतांपासून आहे. आमच्या भयपटांत हडळीवर अन्याय झालेला असतो आणि डायनीवर होत नसतो, एवढे निरीक्षण नोंदवून मी पुढे जाते; त्याचा विस्तार चित्रपटाच्या अभ्यासकांनी करावा.

उरला प्रथमपुरुष. ‘मी चेटकीण आहे’ हे वाक्य मराठीत इतके अवघड का? इंग्रजीतही ते फार काळ अवघडच होते. शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’मधील तिघी स्वतःस ‘विच’ म्हणवून घेत नाहीत. त्या स्वतःसाठी जो शब्द वापरतात तो नियतीवाचक आहे. ‘विच’ ही हाक नाटकात ऐकू येते ती एका खलाशाच्या बायकोने दिलेली शिवी म्हणून, आणि तीही चेटकिणीने सांगितलेल्या हकिकतीत. ‘मॅकबेथ’ मराठीत आणणाऱ्यांपुढे, शिवराम महादेव परांजपे यांच्या ‘मानाजीराव’पासून शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’पर्यंत (१९५४), हा पेच होताच. ज्या युरोपात सुमारे ४० ते ५० हजार माणसे या आरोपाखाली ठार झाली असे आजचे इतिहासकार मानतात, तेथे हा शब्द स्वतःला लावणे म्हणजे सरणावर चढणे होते. इंग्लंडात १७३५ चा कायदा १९५१ मध्ये रद्द झाला आणि १९५४ मध्ये जेराल्ड गार्डनर यांचे ‘विचक्राफ्ट टुडे’ बाहेर पडले. त्यानंतर जो पंथ वाढला त्याने ‘विका’ हे नाव घेतले. हे जुन्या इंग्रजीतील पुल्लिंगी रूप. त्याचा मूळ उच्चार ‘विच्चा’च्या जवळपास होता. अक्षरे जुनी ठेवून उच्चार नवा केला, आणि आरोपाचा वास तेवढा पुसला. नवे नाव घेण्याची ही क्लृप्ती आपल्या ओळखीची आहे. भारतात इप्सिता रॉय चक्रवर्ती यांनी गेल्या शतकाच्या उत्तरार्धात उघडपणे स्वतःस ‘विच’ म्हणविले, त्या नावाने आत्मचरित्र लिहिले. पण तो शब्द त्यांनी इंग्रजी घेतला, बंगाली ‘डाइनी’ नव्हे.

ऊबदार कादंबरी याच भूमीवर उगवते. जपानी लेखिका एइको कादोनो यांची ‘किकी’ १९८५ ची. तेरा वर्षांची ही मुलगी बेकरीच्या माडीवर राहून सामान पोचविण्याचा धंदा करते, आणि १९८९ मध्ये मियाझाकींच्या चित्रपटाने ती जगभर गेली. संगू मंदण्णा या मूळच्या भारतीय लेखिकेच्या २०२२ च्या इंग्रजी कादंबरीतील मिका मून ही तर भारतात जन्मलेली अनाथ ‘विच’; ती ब्रिटनमध्ये वाढते आणि शेवटी एका घरातील मुलांची शिक्षिका होते. या कथांत जादू हा एक गृहोद्योग असतो. मुरांबा घालावा तसा मंत्र. त्यांत न्यायासन नाही, भगत नाही, आटलेली गाय नाही. शेजारी आहेत ते केक मागावयास येणारे. हे साहित्य हलके आहे म्हणून त्याला नावे ठेवणारे आमच्या विभागातही आहेत. मी त्यांच्याशी सहमत नाही. ज्या शब्दाने शेजारीण मारली गेली, त्या शब्दाभोवती शेजारधर्म रचून पाहणे हा काही क्षुल्लक खटाटोप नव्हे. मात्र तो खटाटोप ज्या भाषेत होतो तेथे आरोप थंड होऊन अडीच-तीन शतके लोटली आहेत. मराठीत तो अजून ऊन आहे.

याचा प्रत्यय ऐरोलीतल्या घरांत रोज येतो. सायंकाळी आजी नातवंडावरून मीठ-मोहऱ्या उतरविते आणि सहज म्हणते, ‘मी दृष्ट काढते.’ येथे कर्ता प्रथमपुरुषी आहे, क्रियापद सकर्मक आहे, तरी वाक्य निर्धोक आहे; कारण ‘काढणे’ हे ‘लावणे’च्या उलट दिशेचे क्रियापद. ती स्वतःस कोणतेही नाव देत नाही. त्याच घरातली कॉलेजात जाणारी नात खोलीचे दार लावून पाण्यात मीठ घालते, मेणबत्तीपुढे कागदावर इच्छा लिहिते, आणि मैत्रिणीला फोनवर ‘मी एक स्पेल केलाय’ म्हणून सांगते. साहित्य जवळजवळ एकच : मीठ, विस्तव, पुटपुटणे. पण ‘स्पेल केला’ याचे मराठी भाषांतर करू लागले तर ‘करणी केली’ होते, आणि ते ऐकून आजीच्या हातची मोहरी खाली पडेल. नातीने इंग्रजी शब्द ठेवला तो फॅशन म्हणून ठेवला असे आपण मानतो. काही अंशी ते खरेही आहे. परंतु मराठी शब्दाची धार तिला कोठे तरी जाणवलेली असते, असेही मला वाटते.

अनुवादकाने मग काय करावे? ‘जादूगारीण’ हा शब्द सुचविला जातो. पण त्यातून सर्कशीतला टोपीतला ससा डोळ्यांपुढे येतो. ‘मायाविनी’ संस्कृत नाटकातली, स्वयंपाकघरात वावरणार नाही. वर्गातील एका विद्यार्थिनीने ‘मंतरणारी’ असे सुचविले. वाक्यात घालून पाहता ते बरे चालले, कारण ‘मंतरणे’ला कर्म म्हणून पाणी, धागा, अंगारा चालतो आणि माणूस क्वचितच. माझा स्वतःचा कल ‘चेटकीण’ ठेवण्याकडे आहे, एका अटीवर : तो शब्द प्रथम नायिकेच्याच तोंडून यावा, दुसऱ्या पात्राच्या नव्हे. आणि त्याच्या आसपासची क्रियापदे तपासून घ्यावीत. तिने चहाला आधण ठेवावे, पाला खुडावा, पाणी मंतरावे, दुखणे उतरवावे. ‘लावणे’ तिच्या वाट्याला आलेच, तर ते दिवे लावण्याचे अथवा दारात झाड लावण्याचे असावे.